सात चाळीसची तार

हारुनला मी पहिल्यांदा पळताना पाहिलं तेव्हा मला कौतुकबिवतुक काही वाटलं नाही, सरळ राग आला. निफाड तालुक्यात मैलाच्या शर्यतीत मला मागं टाकणारा पोरगा नव्हता, आणि इथं नाशिकला कॉलेजात आल्याच्या तिसऱ्याच दिवशी नांदगावचा एक काटकुळा पोरगा, लेंगा गुडघ्यापर्यंत खोचून, अनवाणी, माझ्या पुढून निघून गेला. बरं, गेला तर गेला, वर वळून हसला! "दमलास का?" म्हणाला. मी त्याला सणसणीत शिवी घातली. तो म्हणाला, "शिवी द्यायला दम उरलाय, म्हणजे तू नीट पळालाच नाहीस." त्या दिवसापासून आमची दोस्ती झाली.

हारुन अब्बास पिंजारी त्याचं नाव. वडील कापूस पिंजायचे. ती लांबलचक धनुकली खांद्यावर टाकून नांदगावच्या आसपासची खेडी फिरायचे आणि लोकांच्या दारात बसून गाद्या, रजया भरून द्यायचे. हारुन पोरवयात त्यांच्या मागं पळत असायचा, कारण म्हातारा चालायचाच तसा झपाझप. पोराच्या पायात जे काही होतं ते तिथलं. पण त्या पायांना फुटबॉलही कळायचा, हे मात्र मला आजवर उमगलेलं नाही. नुसतं वेगानं पळणारे ढिगानं असतात. हा पळता पळता एकदम थांबायचा, समोरचा बूटवाला गडी पुढं निघून जायचा, आणि तोवर चेंडू गोलात. मी संघाचा कॅप्टन होतो. खरं बोलायचं तर मी नाणं उडवायला आणि ओरडायला कॅप्टन होतो, खेळायचा तो.

आम्ही दूध बाजारात एक खोली घेऊन राहायचो. मी शेतकऱ्याचा, तो पिंजाऱ्याचा. सन चौतीस-पस्तीसची गोष्ट सांगतोय, त्या काळी असं राहणं म्हणजे गंमत नव्हती. माझ्या आईला कळलं असतं तर तिनं मला गोदावरीत बुडवून काढलं असतं. मी घरी सांगितलंच नाही. बाहेर मात्र छाती काढून सांगत फिरायचो, आम्ही एका ताटात जेवतो म्हणून. मला वाटायचं, आपण काय मोठे सुधारलेले! हारुन नुसता हसायचा. म्हणायचा, "वाल्मीक, ताटाचं सोड. माझ्या वाटणीची भाकरी तू खातोस, त्याचं बोल."

त्याच्या वडिलांना मी एकदाच भेटलो. पोराला नवी रजई द्यायला ते नाशिकला आले होते. कापसाच्या तुसानं छाती धरलेली, दर दोन वाक्यांना खोकला. आम्ही त्यांना मैदानावर नेलं. हारुननं त्यांच्यासमोर चार फेऱ्या मारल्या, अगदी जीव तोडून. म्हाताऱ्यानं सगळं पाहिलं आणि मला विचारलं, "मागं कोण लागलंय त्याच्या?" मी पोट धरून हसलो. पण जाताना तो माणूस माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "लय भारी पळतो ना रे?" डोळे पाण्यानं भरले होते त्यांचे. हारुनसमोर नाही म्हणाले, माझ्यापाशी म्हणाले. बापलोक असेच असतात.

आता सदतीस सालचा जानेवारी. दरवर्षी जिल्ह्याचा क्रीडासप्ताह व्हायचा, आणि धावण्याचे व फुटबॉलचे गुण मिळून ज्याचे जास्त त्याला ढाल मिळायची. सहा वर्षं ती ढाल पोलिसांच्या संघाकडे होती. त्या वर्षी शेवटच्या दिवशी हिशेब अगदी काट्यावर आला. सकाळी नऊला मैलाची शर्यत, दुपारी बाराला फुटबॉलचा अंतिम सामना, आणि आम्हाला दोन्ही जिंकायलाच हवं होतं. म्हणजे हारुननं दोन्ही जिंकायलाच हवं होतं. माझं कॉलेजचं ते शेवटचं वर्ष, परीक्षा झाली की घरी जाऊन औत धरायचं, हे ठरलेलं. ढाल मिळाली तर कॉलेजच्या दिवाणखान्यातल्या फळीवर कॅप्टन म्हणून माझं नाव सोनेरी अक्षरांत लागणार होतं. हे मी मुद्दाम सांगतोय. नाहीतर तुम्हाला वाटेल, पुढं मी जे केलं ते दोस्तासाठी केलं.

मी लवकर मैदानावर गेलो होतो. थंडी मरणाची. हारुन पलीकडे पायांना तेल चोळत बसला होता. तेवढ्यात तारेचा शिपाई सायकलवरून आला. आधी खोलीवर जाऊन आला होता, मालकीणबाईंनी त्याला इकडे धाडलं होतं. "हारुन पिंजारी कोण?" मी म्हटलं, "माझ्याकडे द्या, मी कॅप्टन आहे." सही केली, तार घेतली, फोडली. इंग्रजीत पाच शब्द होते. वडील वारले, ताबडतोब निघ.

खोटं नाही सांगत, पहिलं पाऊल मी हारुनच्याच दिशेनं टाकलं होतं. साडेनवाची गाडी होती. टांगा पळवला असता तर नाशिकरोडला सहज पोचलो असतो, आणि बाराला नांदगाव. दुसरं पाऊल टाकलं आणि थांबलो.

का थांबलो ते सांगतो. माझे वडील वारले तेव्हा मी नाशिकला शाळेत होतो. निरोप घेऊन चुलता आला, मला घेऊन गावी पोचला, तोवर दुसऱ्या दिवसाची दुपार झाली होती. बाबा दारात तसेच ठेवले होते, माझी वाट पाहत. थोरल्या मुलाशिवाय नेणार कोण, अग्नी देणार कोण? गावातल्या चुली बंद होत्या, पण एकानंही 'उचला आता' म्हटलं नाही. मला बाबांचं तोंड पाहायला मिळालं, पाणी पाजायला मिळालं. माझ्या डोक्यात तेच होतं. मेलेला माणूस मुलाची वाट पाहतो. आज दुपारी निघालो तरी संध्याकाळी पोचू. एका दिवसात काय बिघडतंय? जे व्हायचं ते होऊन गेलंय, निदान ढाल तरी पदरात पडेल. असा मी विचार केला, मूर्खानं. आणि तार खिशात घातली.

हारुननं लांबून विचारलं, "कुणाची रे?"

"पंचांची चिठ्ठी," मी म्हटलं. "थोडा उशीर होईल म्हणतायत."

किती पटकन सुचलं बघा! जीभ अडखळलीसुद्धा नाही.

मैलाची शर्यत तो असा पळाला की पोलिसांचे जमादारसुद्धा टाळ्या वाजवायला लागले. शेवटच्या फेरीत दुसरा गडी वीसेक हात मागं होता. दोरी छातीनं तोडून तो थेट माझ्याकडे आला, माझ्या गळ्यात पडला आणि म्हणाला, "आता अब्बा इथं असते तर विचारलं असतं, मागं कोण लागलं होतं." मी काय करावं? हसलो. त्या तोंडानं मी हसलो हो! खिशातला कागद त्याच्या आणि माझ्या छातीमध्ये चुरगळला.

फुटबॉलचा सामना मला नीटसा आठवत नाही. लोक अजून सांगतात, पिंजाऱ्यानं शेवटच्या पाच मिनिटांत दोन गोल मारले, दुसरा तर अर्ध्या मैदानातून एकटा घेऊन गेला. मी तिथं होतो, पण माझं लक्ष घड्याळाकडे होतं. तीनची गाडी, तीनची गाडी, एवढंच डोक्यात घुमत होतं. सव्वाला शिट्टी झाली. पोरांनी हारुनला खांद्यावर उचललं आणि मैदानाला फेऱ्या मारल्या. एक खांदा माझाही होता. तो वरून ओरडत होता, हात हवेत उडवत होता, माझ्या डोक्यावर टपल्या मारत होता. मग ढाल मिळाली. मग फोटो. फोटो होईपर्यंतही मी थांबलो. इतकं थांबलो, अजून थोडं, असं करत करत माणूस कुठवर जातो ते मला त्या दिवशी कळलं.

दोन वाजता त्याला झाडाखाली घेऊन गेलो. "तार आलीय. आत्ताच. मी फोडली," म्हटलं, आणि कागद त्याच्या हातात दिला. त्यानं वाचला. पुन्हा वाचला. खाली बसला. रडला नाही. "इन्ना लिल्लाह" असं काहीतरी पुटपुटला आणि एकदम उभा राहिला. "गाडी कधी आहे?" म्हणाला. तार घडी करून सदऱ्याच्या खिशात ठेवली. कपडे बदलायलासुद्धा थांबला नाही. गुडघे मातीनं भरलेले, अंगात खेळाची बनियन, त्यावर सदरा, असा टांग्यात बसला.

गाडीत तो खिडकीशी बसून राहिला. लासलगाव गेलं, मनमाड गेलं. मधेच एकदा म्हणाला, "ईदला घरी गेलो होतो तेव्हा खोकला जास्त होता. मी म्हटलं, राहतो आठ दिवस. तर म्हणाले, जा, तुझे खेळ आहेत." थोड्या वेळानं म्हणाला, "एकदा तोंड पाहिलं की बरं वाटेल." मी म्हटलं, "पाहशील रे. तुझ्याशिवाय कुणी नेतंय का?" त्यानं माझ्याकडे जरा विचित्र नजरेनं पाहिलं. कदाचित त्यालाही आशा होती. माणूस अशा वेळी ऐकतो ते खरं मानतो.

नांदगावला साडेपाचला उतरलो. स्टेशनाबाहेर त्याचे चुलते उभे होते, इसाकचाचा. त्यांच्या कपड्यांना माती होती. हारुननं त्यांच्या हातांकडे पाहिलं, नखांत अडकलेल्या मातीकडे पाहिलं आणि तिथंच मटकन खाली बसला. मला तरी अजून काही कळलं नव्हतं. मी वेड्यासारखं विचारलं, "घरी जायचं ना?"

चाचा म्हणाले, "घरी आता काय हाय बाबा? कब्रस्तानात चला."

रस्त्यानं चाचा सांगत होते. पहाटे नमाजला उठले, हातपाय धुऊन वजू करताना खोकल्याची उबळ आली, तिथंच गेले. लगेच स्टेशनमास्तरांच्या हातापाया पडून तार केली. "आपल्यात ठेवत नाहीत, पोरा, तुला ठाव हाय. मयताला ताटकळत ठेवू नये. तरी मी म्हटलं, पोरगा बाराच्या गाडीनं येतोच. आंघोळ घालून, कफन करून, तोंड उघडं ठेवलं. मी स्वतः आलो स्टेशनावर. गाडी आली, गेली. एक एक डबा पाहिला. तू नाय. म्हटलं तार भेटली नसंल. मग एकच्या नमाजनंतर दीडला जनाजा उठवला. लय वाट पाहिली रे."

कबरीवर पाणी शिंपडलेलं होतं, सब्ज्याच्या डहाळ्या ठेवल्या होत्या. माती अजून ओली होती. हारुननं तीन मुठी माती टाकली. टाकली म्हणजे काय, आधीच भरलेल्या कबरीवर ठेवली. मग तो हात तसाच मातीवर ठेवून बसून राहिला. मी दहा पावलं लांब उभा होतो. जवळ जायची हिंमत होत नव्हती.

चाचांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला. "तार कवा भेटली तुला?"

हारुननं उत्तर द्यायला म्हणून खिशातून ती तार काढली. त्याला वेळ पाहायची होती असं नाही, नुसता हात खिशाकडे गेला. पण तारेच्या कागदावर पोचल्याची वेळ लिहिलेली असते. शिपायाला देण्याआधी पोस्टात लिहितात. वर कोपऱ्यात शाईनं लिहिलं होतं, सात चाळीस. उजेड अजून होता. तो त्या आकड्यांकडे पाहत राहिला आणि मग त्यानं मान वर करून माझ्याकडे पाहिलं. तो सायकलवाला त्याला आठवला, हे मला त्याच्या तोंडावर दिसलं.

"उशिरा भेटली, चाचा," तो म्हणाला. "मला भेटली तेव्हा उशीर झाला होता."

मला वाचवलं त्यानं. बापाच्या कबरीपाशी बसून मला वाचवलं.

चाचा पुढं गेले तेव्हा तो माझ्याजवळ आला. आवाज चढवला नाही. त्यानं आवाज चढवला असता, चार मुस्काटात दिल्या असत्या, तर मी आज सुखानं झोपलो असतो.

"सकाळी आली होती?"

"हो."

"तू वाचली होतीस?"

"हो." मग मी भडाभडा बोलायला लागलो. "आमच्यात मुलगा येईपर्यंत नेत नाहीत रे. माझ्या बाबांना दुसऱ्या दिवशीपर्यंत ठेवलं होतं. मला वाटलं, तुझ्याकडेही... मला माहीतच नव्हतं, हारुन. आईची शपथ, माहीत नव्हतं."

"तिसरं वर्ष चाललंय एका खोलीत," तो म्हणाला. "ताटाचं सगळ्या गावाला सांगितलंस. हे एक विचारलं असतंस कधी." आणि मग, "कधी नाही तर आज सकाळी तरी विचारायचं. नुसतं एवढंच विचारायचं होतंस की तुमच्यात किती वेळ ठेवतात. मी सांगितलं असतं."



"दीड वाजता मी कुठं होतो?" त्यानं विचारलं. मग स्वतःच म्हणाला, "तुमच्या खांद्यावर होतो. नाचत होतो. इथं माझ्या जागी शेजारच्या चंदरनं खांदा दिला. लोक म्हणतात, बाप गेला की पोराच्या काळजाला कळतं. मला काहीच कळलं नाही, वाल्मीक. मी हसत होतो."

तिथं मात्र तो फुटला. तोंडात सदरा कोंबून रडला, चाचांना ऐकू जाऊ नये म्हणून. मी त्याला हात लावायला गेलो, तर तो मागं सरकला. अगदी थोडंसं, अर्धं पाऊल. मी म्हटलं, "मार मला. शिव्या दे. काहीतरी कर." त्यानं डोळे पुसले. "अम्मा जेवायची थांबली असेल," म्हणाला. "चल. तू पाहुणा आहेस."

पाहुणा! ज्याच्या वाटणीची भाकरी मी खायचो, त्याच्या घरी मी पाहुणा झालो.

घरात चूल बंद होती, शेजारच्या घरून जेवण आलं होतं. त्याच्या आईनं, सकीनाबींनी, मला वाढलं. हारुन कोपऱ्यात धाकट्या बहिणीजवळ, ताहेराजवळ बसला होता आणि हळू आवाजात तिला विचारत होता, तोंड कसं दिसत होतं, डोळे मिटलेले होते का, दाढी विंचरली होती का. ती पोर सांगत होती आणि तो प्रत्येक गोष्ट दोनदोनदा विचारत होता. माझा घास तोंडात फिरत होता. सकीनाबी मला म्हणाल्या, "पळाला का रे माझा पोरगा? जिंकला?" मी मान हलवली. "चांगलं झालं," म्हणाल्या, आणि पदरानं डोळे पुसले. "यांना लय हौस होती. तोंडानं बोलायचे नाहीत." तेव्हाच मी सगळं सांगून टाकायला हवं होतं. त्या माउलीच्या पायांवर डोकं ठेवायला हवं होतं. जीभ टाळ्याला चिकटली. सकाळी पंचांचं नाव सांगताना कशी सरसर चालली होती!

दुसऱ्या दिवशी सकाळी तो मला स्टेशनावर पोचवायला आला. पाहुण्याला पोचवतात ना. मी विचारलं, "कॉलेजला कधी येतोस?"

"नाही येणार," तो म्हणाला. "घर चालवायला कुणीतरी हवं. अब्बांची गिऱ्हाइकं आहेत."

"आणि खेळ?"

त्यानं मैदानाच्या जमिनीकडे पाहावं तसं फलाटाकडे पाहिलं. "पळायला लागलो की मला तेच दिसेल," म्हणाला. गाडी सुटली. तो हात न हलवता उभा होता. नंतर पाच पावलंसुद्धा तो कधी धावला नाही, असं मला नांदगावच्या एका माणसानं पुढं सांगितलं. खेड्यांत चालायचा, पण बापासारखं झपाझप नाही, सावकाश.

कॉलेजात पोचलो तर दिवाणखान्यात ढाल लावलेली. प्रिन्सिपॉलसाहेबांनी मला बोलावून घेतलं. हारुन येणार नाही हे ऐकून ते फार हळहळले. म्हणाले, असा खेळाडू पुन्हा मिळणार नाही, वडिलांचं तोंड तरी पाहायला मिळालं का बिचाऱ्याला? मी म्हटलं, नाही सर, तार उशिरा मिळाली. तेवढं वाक्य मी त्याच्याकडूनच उचललं होतं. त्याच्या तोंडी ते उपकार होतं, माझ्या तोंडी शेण होतं.

साहेबांनी चष्मा काढून पुसला, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "नशिबाची गोष्ट. पण त्या वेळी तुझ्यासारखा मित्र सोबत होता, हे काय कमी झालं?"

"हो सर," मी म्हणालो.